अंगठ्याच्या नखाचं टोक

माझ्या उजव्या पायाच्या अंगठ्याच्या नखावर एक आडवी खाच आहे. डोळ्यांना पटकन दिसत नाही, पण बोट फिरवलं की लागते.

पंधरा महिन्यांपूर्वी माझे यजमान गेले. त्यानंतर पंधरवड्यातच मला मोठा ताप आला आणि तो अडीच आठवडे हटला नाही. अशा आजारात शरीर नख घडवायचं काम जवळजवळ थांबवतं आणि बरं वाटल्यावर पुन्हा हाती घेतं. मधल्या खंडाची खूण नखावर राहते. माझ्या हातांच्या दहाही नखांवर तशा खाचा आल्या होत्या. नखं वाढत गेली तशा त्या पुढे सरकल्या आणि सहा महिन्यांत कापल्या गेल्या. पायाचं नख मात्र सावकाश वाढतं, अंगठ्याचं तर फारच. त्याला पुरतं नवं व्हायला वर्ष, दीड वर्ष लागतं. म्हणून ही एक खाच अजून माझ्याजवळ आहे. आता तीही टोकाला आली आहे.

खाचेच्या मागचं, मुळाकडचं सगळं नख ते गेल्यानंतरचं आहे. खाचेच्या पुढे जी चंद्रकोर उरली आहे, ती ते असताना तयार झालेली. हे ज्या दिवशी माझ्या लक्षात आलं, त्या दिवसापासून मी ते नख कापलेलं नाही.

महाडच्या एका वाचनालयात मी तीस वर्षं ग्रंथपाल होते. मला बहुतेक गोष्टी पुस्तकातून कळल्या आहेत, आणि बहुतेक उशिरा कळल्या आहेत. ही गोष्टही त्यांतलीच.

आमचं लग्न नखांवरून ठरलं, असं सांगितलं तर कुणाला थट्टा वाटेल. त्या काळी महाडची औद्योगिक वसाहत नवीनच भरू लागली होती आणि प्रत्येक स्थळ "मुलगा कंपनीत आहे" असं सांगून येत होतं. कंपनीत म्हणजे नक्की कुठे, हे कळायला मार्ग नसे. कुणी ठेकेदाराचा माणूस असे, कुणी कँटीनमध्ये, कुणी नुसताच रोज गेटवर उभा राहणारा. माझे वडील शाळेत शिक्षक, असं काही विचारायला संकोचणारे. मामा तसे नव्हते. चहा झाल्यावर ते मुलाला म्हणाले, "पत्रिका राहू द्या. हात दाखवा बघू."

मुलानं हात पुढे केले. मामांनी तळव्याकडे पाहिलंच नाही. हात उलटे केले आणि नखं पाहिली. दहाही नखं पिवळी होती, जुन्या पुस्तकाच्या पानांच्या कडा होतात तशी.

"साबणानं जात नाहीत हो," मुलगा ओशाळून म्हणाला. "तीनदा धुऊन आलोय."

त्यांच्या तोंडून मी ऐकलेलं हे पहिलं वाक्य.

मामा आत येऊन माझ्या आईला म्हणाले, "बिनघोर होकार द्या. मुलगा प्लँटमध्येच आहे. चहा देणाऱ्याची नखं अशी होत नाहीत."

रंग तयार करायला जो कच्चा माल लागतो, तो त्यांच्या विभागात बनत असे. हातमोजे मिळत, ते वापरतही. तरी उकाड्यात कधी मोजा काढला जाई, कधी घामाबरोबर काहीतरी आत झिरपे, आणि नख रंग धरून बसे. आमच्या गावात त्याचं कुणाला काही वाटत नव्हतं. भाजी घेताना, वाचनालयात पुस्तकावर सही करताना, समोरच्याच्या बोटांवरून तो कुठल्या बाजूच्या कंपनीत जातो हे कळे. पिवळी नखं असत, जांभळट असत, एका विभागातल्या लोकांची तर विटकरी असत.

पोलादपूरच्या वर, कशेडीकडे जाणाऱ्या रस्त्यावरून आत चढून गेलं की आमची वाडी लागते. दोघांची हळद तिथंच, एकाच मांडवात होती. त्या दिवशी त्यांच्या थोरल्या बहिणीनं, म्हणजे माझ्या वन्संनी, सगळ्या मांडवाला ऐकू जाईल असं म्हटलं होतं, "आगो, ह्याला हळद कशाला नासवता? ह्यो कंपनीतनंच लावून आलाय!"

बायका हसून लोळल्या. ते हसले, पण हात मांडीखाली घेतले. तेव्हा मी त्याकडे लक्ष दिलं नाही.

नंतर लक्ष गेलं. मुलीच्या शाळेत पालकांच्या सभेला गेले की हात खिशात. लग्नकार्यात फोटोला उभे राहिले की हात पाठीमागे. आमच्या संसाराचे तीन अल्बम आहेत, त्यांत त्यांचा हात कुठेच नीट दिसत नाही. गावातल्या कुणाला ज्याचं काही वाटत नव्हतं, त्याचं त्यांना वाटत होतं. एकदा मी म्हटलं, "सगळ्यांचीच आहेत की." तर म्हणाले, "ग्रंथपाल बाई, तुमची नाहीत ना. पानं उलटून माणसाची बोटं किती स्वच्छ राहतात."

नखं कापण्याचा एक विधीच होता त्यांचा. कंपनीत त्यांना साप्ताहिक सुट्टी शनिवारी मिळे, आणि सासूबाईंच्या हुकमानुसार शनिवारी नखं काढायची नाहीत. म्हणून रविवारी कामावर जाण्याआधी, कंपनीची बस यायच्या आत, दारात वर्तमानपत्राचा कागद पसरून ते घाईघाईनं नखं काढत. त्या कागदाची पुडी बांधत. ती कचऱ्यात टाकायची नाही. सासूबाईंचं म्हणणं असं की नखं कोंबडीनं टोचली की ज्याची नखं तो माणूस खंगत जातो. वाडीवर घरामागे शेराच्या झुडपांचं कुंपण आहे, त्याच्या बुडाशी एक चपटा दगड. तो उचलायचा, नखं मातीत घालायची, दगड पुन्हा ठेवायचा. आमच्या महाडच्या घराला ना अंगण, ना कुंपण. मग पुड्या साठत आणि महिन्याकाठी वाडीवर जाताना ते त्या शर्टाच्या खिशात घालून नेत.

एसटीत कुणी ओळखीचं भेटलं आणि विचारलं, "काय, गावाला काय घेऊन?" की गंभीर चेहऱ्यानं सांगत, "नखं."

निवृत्तीला वर्ष उरलं असताना त्यांची बदली स्टोअरला झाली. आता माल हाताळायचा नव्हता, नुसत्या नोंदी आणि पावत्या. रविवारची सुट्टी मिळू लागली. दोनतीन आठवडे गेले आणि एका सकाळी त्यांनी मला हाक मारली, "अगं, इकडे ये. हे बघ."

नखाच्या मुळाशी, जिथे पांढरट अर्धचंद्र असतो तिथे, केसाएवढी गुलाबी रेघ उगवली होती. तिच्या पुढे पिवळं.

त्या रविवारपासून आम्हाला दुसरा उद्योग उरला नाही. ते कागद पसरून बसत, मी चष्मा लावून शेजारी. मी वाचनालयातली छोटी पट्टी घरी आणली होती, पण ते पट्टीला मानत नसत. तांदळाचा दाणा नखावर आडवा ठेवून मोजत. महिन्याला साधारण एक दाणा गुलाबी वाढे. "या महिन्यात चांगला जाडा तांदूळ झाला," ते म्हणत. अंगठे मागे राहिले की त्यांना दटावत, "तुम्ही दोघं ओव्हरटाइम करताय काय?" पिवळा रंग हटत हटत पुढे गेला आणि शेवटी डाव्या अंगठ्याच्या टोकाला एक दोरा उरला. तो त्यांनी कापला, उजेडात धरला आणि म्हणाले, "झालो मोकळा."

त्या दिवशी मी घावन आणि नारळाचा रस केला होता. मुलगी पुण्याहून आली होती. तिनं वडिलांचा फोटो काढला. त्यात ते दोन्ही हात छातीसमोर उलटे धरून, दहाही बोटं पसरून, लहान मुलासारखे हसत आहेत. त्यांचे हात दिसतात असा आमच्या घरातला हा पहिला फोटो.

मी फोटो पाहून म्हटलं होतं, "नखं कशी गोलमटोल झालीत बघा. बोटंसुद्धा भरलीत. श्रीमंतांसारखी."

"जनरल शिफ्टचं सुख," ते म्हणाले.

मी हे शब्द बोलले. ते मला कुणी विसरू देत नाही, म्हणजे मीच देत नाही. आम्ही दोघं सहा-सात महिने, दर रविवारी, चष्मा लावून, त्या नखांकडे पाहत होतो, आणि फक्त रंग पाहत होतो. नखं पुढून खाली वळत होती, घड्याळाच्या फुगीर काचेसारखी वर उचलली जात होती, बोटांची टोकं जाड होत होती. सगळं आमच्या डोळ्यांसमोर, तांदळाच्या दाण्यादाण्यानं.

ते निवृत्त झाले त्याच पावसाळ्याच्या शेवटी वन्संना थकवा येऊ लागला. पोलादपूरजवळच्या आरोग्य केंद्रात आम्ही त्यांना घेऊन गेलो. डॉक्टर तरुण होत्या, देशावरच्या. वन्सं त्यांना सांगत होत्या, "मला कायपण नाय झालेलं डाक्टरीणबाय. नुसतं उठलं की गरगरतंय."

डॉक्टरांनी त्यांचा हात हातात घेतला आणि नखं पाहिली. ती सपाट होऊन मधोमध खोलगट झाली होती, कडा वर आलेल्या. डॉक्टरांनी ड्रॉपरनं पाण्याचा एक थेंब नखावर सोडला. थेंब ओघळला नाही, तिथेच बसून राहिला.

"पाणी ठरलं बघा," डॉक्टर म्हणाल्या. "अंगात लोह कमी झालं की नख असं चमच्यासारखं होतं. रक्त तपासू आपण."

"मंग माझ्या बोटात तळं झालं म्हणायचं," वन्सं म्हणाल्या. "ह्यात मासं सोडू काय?"

सगळे हसले. आणि त्या हसण्यातच यांनी आपले दोन्ही हात टेबलावर ठेवले. "डॉक्टर, माझी बघा. सव्वीस वर्षं पिवळी होती. आता बघा कशी झालीत."

त्यांनी आपण होऊन हात दाखवले होते. मी इतकी वर्षं ज्या क्षणाची वाट पाहिली होती, तो हा होता.

डॉक्टर हसतच पाहू लागल्या आणि हसू तसंच चेहऱ्यावर राहिलं, पण डोळ्यांतून गेलं. त्यांनी नखाचं मूळ दाबून पाहिलं. मग म्हणाल्या, "काका, दोन्ही हातांची करंगळीशेजारची बोटं पाठीला पाठ लावून धरा. नखाला नख. आता डोळ्यांसमोर आणा. मधून उजेड दिसतो का?"

"नाही," ते म्हणाले. "फट अजिबात नाही. एकदम घट्ट." सुतारानं दाराचा जोड दाखवावा तसे म्हणाले.

डॉक्टरांनी मलाही तसंच करायला सांगितलं. माझ्या दोन नखांच्या मुळांमधून उजेड येत होता. तिळाएवढीच फट, पण शंकरपाळ्याच्या आकाराची.

"तुमची आहे ना, तशी काकांची असायला हवी," त्या म्हणाल्या. "चढ चढताना दम लागतो का, काका?"

"वय झालं की आता."

"कोरडा खोकला?"

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. खोकला होता. स्टोअरमधल्या धुळीचा, असं आम्ही ठरवलेलं होतं.

डॉक्टरांनी घाबरवलं नाही. एवढंच सांगितलं की फुप्फुसाचा जुना आजार असला, हृदयाचा असला, कधी यकृताचा, तर बोटांची टोकं अशी फुगतात. काही घराण्यांत जन्मापासूनच तशी असतात आणि त्यात काही वावगं नसतं. नख आजाराचं नाव सांगत नाही, फक्त आत बघा म्हणतं.

आत पाहिलं. मुंबईच्या हॉस्पिटलात तपासण्या झाल्या. फुप्फुसं निबर होत चालली होती. कशामुळे, हे कुणी ठाम सांगितलं नाही, आणि मीही कुणावर बोट ठेवत नाही. यांच्याबरोबर तितकीच वर्षं त्याच विभागात काढलेली माणसं आजही मला बाजारात ठणठणीत भेटतात.

मुंबईहून परत आल्यावर मी वाचनालयात गेले आणि आरोग्याच्या पुस्तकांच्या फळीवरून एक जाड पुस्तक काढलं. मागच्या मोठ्या पुरात खालच्या दोन फळ्या गेल्या होत्या, हे पुस्तक वर होतं म्हणून वाचलं होतं. मला काय शोधायचं ते माहीत होतं, कारण ते पान फाटलेलं होतं आणि मीच ते पारदर्शक कागदानं चिकटवलं होतं. पानावर नखांची सहा चित्रं. चमच्यासारखं नख, खड्डे पडलेलं नख, आडव्या खाचेचं नख. आणि चौथं चित्र, नगाऱ्याच्या टिपरीच्या टोकासारखं फुगलेलं बोट आणि त्यावर गोल वळलेलं नख. माझ्या चिकटपट्टीची कड बरोबर त्या चित्रावरून गेली होती. ते पान चिकटवलं त्या वर्षी मी दर रविवारी त्या नखाशेजारी बसत होते.

पुढच्या खेपेला मी मुंबईच्या डॉक्टरांना विचारलं, "मी आधी पाहिलं असतं तर?"

त्यांनी फाइल मिटली. "काही महिने आधी कळलं असतं," म्हणाले. "आजार हाच राहिला असता."

काही महिने. त्या महिन्यांचा मी अजून हिशोब लावते. औषध तेवढं लवकर सुरू झालं असतं. दम थोडा कमी लागला असता, कदाचित. आणि तांदळाच्या दाण्याचे ते रविवार झाले नसते, घावन झालं नसतं, तो फोटो झाला नसता. यातलं काय मी दिलं असतं? दर वेळी मी म्हणते, सगळं दिलं असतं. आणि मग कपाट उघडून फोटो पाहते.

शेवटचं दीड वर्ष ते बहुतेक घरात होते. ऑक्सिजनचं यंत्र खोलीच्या कोपऱ्यात घुरघुरत असे. सकाळी मी चहा घेऊन गेले की ते म्हणत, "शंकरपाळं दाखव."

मग मी करंगळीशेजारची दोन बोटं नखाला नख लावून त्यांच्या डोळ्यासमोर धरी. त्या इवल्याशा फटीतून ते खिडकीबाहेर पाहत आणि काय काय दिसतं ते सांगत. तिळाएवढ्या फटीतून काही दिसत नाही, उजेडाचा एक ठिपका असतो. तरी ते सांगत. "कंपनीची बस आली. विटकरी नखांवाला आज मागं बसलाय." किंवा, "वाडीवर कोंबडी सुटलीय, तुझ्या वन्संची धावपळ चाललीय."

एकदा म्हणाले, "तुझी खिडकी उघडी आहे तोवर मला चिंता नाही."

मी चहाचा कप त्यांच्या हातात दिला. आता वाटतं, बोलायला हवं होतं.

ते गेले त्यानंतरच्या दहा दिवसांत रिवाजाप्रमाणे घरात कुणी नखं कापली नाहीत. दहाव्या दिवशी वन्सं मला म्हणाल्या, "वयनी, आता नखं काढ." मी हातापायांची सगळी काढली, मुकाट्यानं, आणि कागदात गुंडाळून टाकून दिली. मग ताप आला. तापातून उठले, खाचा दिसल्या, पुस्तक पुन्हा उघडलं, आणि तेव्हा मला समजलं की नख म्हणजे मागे राहिलेला काळ असतो आणि मी त्यातला बराचसा नकळत कचऱ्यात टाकला आहे. हातांवर उरला होता तोही हळूहळू गेला, कारण हाताची नखं वाढवून काम करता येत नाही. पायाच्या अंगठ्यावरची खाच मला फार उशिरा सापडली, तिच्या पुढे एवढंसंच नख उरलं असताना. तेवढं मी राखलं.

हे एवढं लिहून ठेवलं आणि पुढच्याच आठवड्यात मी वाडीवर गेले. पोलादपूरला एसटीतून उतरताना अंगठ्याचं नख साडीच्या काठात अडकलं आणि कोपऱ्यात चिरलं. चढ चढेपर्यंत चप्पल लाल झाली होती.

वन्सं ओट्यावर तांदूळ निवडत होत्या. गोळ्या घेऊन घेऊन त्यांचं रक्त भरलं आहे, चेहऱ्यावर तेज आलं आहे. मला पाहताच त्यांनी भांड्यातलं पाणी बोटावर शिंपडून दाखवलं. "हे बघ, ठरत नाय आता. तळं आटलं." मग नजर खाली गेली. "आणि ह्या पायाला काय झालंय गो?"

"काही नाही."

"नाय कसं? रगात आलंय. बस खाली. पाय दे इकडं."

मी पाय मागे घेतला. मोठ्या नणंदेनं माझ्या पायाला हात लावावा, हे आमच्याकडे चालत नाही. त्यांनी ते ऐकलंच नाही. पाय ओढून मांडीवर घेतला, पदरानं रक्त पुसलं आणि म्हणाल्या, "शिकलेली बाय तू, आणि नख किती वाढवलंस! घारीचं हाय काय? थांब, नेलकटर आणते."

"नको," मी म्हटलं.

"का नको?"

पंधरा महिन्यांत मी हे कुणाला सांगितलं नव्हतं, मुलीलाही नाही. वन्संना सांगितलं. ही खाच बघा म्हटलं. हिच्या मागचं नख नंतरचं, आणि हे टोकाचं एवढंसं ते असतानाचं.

त्यांनी मान खाली घालून पाहिलं. बराच वेळ पाहिलं. मग आपल्या खरखरीत अंगठ्यानं खाच चाचपली आणि तिच्या पुढचा तुकडा.

"म्हंजे हे आमच्या भावाच्या वेळचं," त्या म्हणाल्या.

"हो."

"आणि हे वाढत वाढत फुडं आलं."

"हो."

त्यांचे डोळे भरून आले होते, पण त्यांना गप्प राहता येत नाही. त्यांनी माझी वेणी पाठीवरून पुढे ओढली आणि तिचं टोक माझ्या हातात दिलं. "मंग ह्याचं काय? हीपण वाढत वाढतच खाली आली ना? हे टोक तर तो कंपनीत होता तवाचं असंल. हळदीच्या नखांच्या वेळचं. हे कापलंस काय तू? नाय ना?"

मी वेणीचं टोक पाहत राहिले. विरळ, तांबूस झालेले केस. मला हे सुचलं नव्हतं. कुठल्याच पुस्तकात मी ते वाचलं नव्हतं.

"आणि तू नाय कापलंस, तरी ते तुटणारच हाय," त्या हलक्या आवाजात म्हणाल्या. "काठात अडकून तुटंल, रस्त्यात पडंल. कोंबडी टोचंल. त्यापरीस मी काढते. चालंल?"

मी मान हलवली.

त्यांनी नेलकटर आणलं. आधी तांदळाच्या सुपातून एक दाणा उचलला आणि माझ्या नखावर, खाचेच्या पुढे, आडवा ठेवून पाहिला. भाऊ कसा मोजायचा, हे त्यांनी कधीतरी पाहिलं असणार. "दाण्याएवढंपण नाय उरलेलं," म्हणाल्या. मग जपून, एका कडेकडून दुसरीकडे, तीन वेळा दाबून नख काढलं. तुकडा त्यांच्या तळव्यावर पडला. पांढरा, वाकडा, एका कोपऱ्यात रक्त लागलेला. वर्तमानपत्राचा कोपरा फाडून त्यांनी पुडी बांधली, अगदी ते बांधत तशी, दोन घड्या आणि एक मुरड, आणि माझ्या हातात दिली.

"चल," म्हणाल्या.

घरामागे शेराचं कुंपण आता फार वाढलं आहे. दगड अर्धा मातीत गेला होता, दोघींनी मिळून तो कलता केला. सव्वीस वर्षांची पिवळी नखं, आणि नंतरची ती गोल, गुलाबी नखंही, इथेच कुठेतरी गेलेली. मी वाकून पाहिलं, पिवळं काही दिसतं का. ओली लाल माती होती आणि दगडाच्या पोटाला चिकटलेली एक गोगलगाय.

मी पुडी सोडून नख मातीत ठेवलं. वन्संनी वर माती ओढली आणि दगड पुन्हा बसवला.

"कागद नको टाकू हितं," त्या म्हणाल्या. "रिकामा कागद परत घरी न्यायचा असतो."

मला हे माहीत नव्हतं. ते रिकामे कागद परत आणत असणार, खिशातून.

दुपारच्या एसटीनं मी परत निघाले. चप्पल नीट बसत होती. अंगठ्यावर आता खाच नाही, सगळं नख नवं, आखूड, ते गेल्यानंतरचं. गाडीत खिडकीशेजारी जागा मिळाली. महाड येईपर्यंत मी वेणी पुढे घेऊन तिचं टोक मुठीत धरलं होतं, आणि दुसऱ्या हातात तो कागदाचा कोपरा.